पिलारचे सोने आणि रोझारियोची वाट

ब्राझीलच्या मिनास जेराइस राज्यातील ओरो प्रेतो आणि मारियाना ही दोन जुनी शहरे पाहू इच्छिणारा प्रवासी सहसा राज्याची राजधानी बेलो होरिझोंते येथून सकाळी निघतो, सुमारे 100 किलोमीटरचा डोंगरी रस्ता पार करतो, स्वतःपुरते वाहन आणि स्वतःपुरता मार्गदर्शक घेऊन काही चर्च, एखादी बंद पडलेली सोन्याची खाण आणि एखादे संग्रहालय पाहतो व संध्याकाळी परततो. या एका दिवसात त्याच्यापुढे धर्मविचारातला एक जुना आणि अवघड प्रश्न उभा राहतो. ज्या पवित्र वास्तूचे सौंदर्य गुलामांच्या सक्तीच्या श्रमातून निघालेल्या सोन्यावर उभे आहे, तिच्यापुढे भक्तीने किंवा नुसत्या विस्मयाने उभे राहणे धर्म्य आहे काय, आणि तसे उभे राहणाऱ्याच्या माथी काही ऋण येते काय? मार्गदर्शकाच्या माहितीत हा प्रश्न क्वचितच शब्दरूप घेतो. पण कोणते चर्च आधी पाहायचे, कोणते वगळायचे, कोठे किती वेळ थांबायचे या निर्णयांत त्याचे काही ना काही उत्तर दडलेले असतेच.

हा प्रश्न वसाहतकालीन बहुतेक शहरांना लागू पडेल. मिनास जेराइसमध्ये मात्र तो अधिक तीव्र होतो, कारण तेथे खाण आणि वेदी यांच्यातील अंतर अनेकदा पायी चालण्याइतकेच आहे. 1690 च्या दशकात या डोंगरांतील ओढ्यांच्या रेतीत सोने सापडले, आणि त्याच्या कणांवर असलेल्या काळ्या थरामुळे पुढे गावालाच 'काळे सोने' या अर्थाचे ओरो प्रेतो हे नाव मिळाले. 1711 मध्ये या वस्तीला व्हिला रिका, म्हणजे 'संपन्न नगरी', या नावाने नगराचा दर्जा दिला गेला. त्याच वर्षी शेजारची, सुमारे 12 किलोमीटरवरची वस्तीही नगर झाली, आणि 1745 मध्ये तेथे बिशपचे पीठ स्थापन होताना पोर्तुगालच्या राणीच्या नावावरून तिचे मारियाना असे नामकरण झाले. खाणीत उतरणारे आणि थंड प्रवाहात उभे राहून रेती धुणारे लोक आफ्रिकेतून आणलेले गुलाम होते, आणि त्यांच्यापैकी काहींना सोने काढण्याची विद्या मायदेशातच अवगत होती, म्हणजे वसाहतीने त्यांच्या देहाबरोबर त्यांचे ज्ञानही फुकट वापरले. सापडलेल्या सोन्याचा पाचवा हिस्सा राजाचा मानला जाई. 'किंतो' या नावाने ओळखला जाणारा हा कर लिस्बनला रवाना होई आणि 1717 मध्ये पायाभरणी झालेल्या माफ्रा येथील प्रचंड राजवाडा-मठासारख्या वास्तूंत मुरे. जे सोने डोंगरांतच राहिले, त्यातले पुष्कळसे चर्चच्या कोरीव लाकडावर चढले.

येथील चर्चच्या बाबतीत आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी लागते, कारण पुढचा सगळा विचार तिच्यावर अवलंबून आहे. सोन्याची चोरटी वाहतूक धर्मगुरूंच्या झग्याआडून होते, असा पोर्तुगीज राजसत्तेचा संशय असल्यामुळे जेझुइट, फ्रान्सिस्कन इत्यादी संन्यासी संघांना मिनासमध्ये मठ उभारण्याची मनाई करण्यात आली. गोव्यात किंवा ब्राझीलच्याच बाहिया प्रदेशात जे काम या संघांनी केले, ते येथे सामान्य गृहस्थांच्या बंधुसंघांवर येऊन पडले. पोर्तुगीज भाषेत 'इर्मांदादे' म्हणून ओळखला जाणारा हा बंधुसंघ म्हणजे एखाद्या संताच्या किंवा मरियमातेच्या नावाने नोंदवलेली, स्वतःचे नियम, स्वतःची वर्गणी आणि स्वतःचे पदाधिकारी असलेली संस्था होती. चर्च बांधणे, सण साजरे करणे, सदस्यांचे अंत्यविधी करणे आणि अडल्यानडल्यांना मदत करणे ही तिची कामे होती. हे बंधुसंघ वर्णानुसार विभागलेले होते. कार्मेल आणि फ्रान्सिस यांच्या नावाने चालणाऱ्या 'तृतीय संघां'त, म्हणजे संसारात राहून त्या संन्यासी परंपरेचे व्रत पाळणाऱ्या गृहस्थांच्या संघांत, 'रक्तशुद्धी'ची अट घालून गोऱ्यांनाच प्रवेश मिळे; मिश्रवर्णीयांचे संघ वेगळे होते आणि कृष्णवर्णीयांचे, मग ते गुलाम असोत वा मुक्त, मुख्यतः जपमाळेच्या मरियमातेच्या, म्हणजे रोझारियोच्या, नावाने उभे होते. मराठी वाचकाला ही रचना परकी वाटू नये, कारण त्याच साम्राज्याच्या दुसऱ्या टोकाला, गोव्यात, 'कोंफ्रारिया' या नावाने हेच बंधुसंघ रुजले आणि तेथे अनेक गावांत सदस्यत्वाच्या रेषा वर्णाऐवजी जातीप्रमाणे आखल्या गेल्या. धर्म बदलला तरी पंगतीतले अंतर मिटले नाही.

या पार्श्वभूमीवर ओरो प्रेतोचे पिलारच्या मरियमातेचे चर्च पाहावे लागते. बाहेरून फारसे काही न सांगणारी ही वास्तू आत बहुकोनी सभागृहात उघडते, आणि भिंतींपासून छतापर्यंत देवदूत, वेली, स्तंभ आणि चौथरे सोन्याच्या वर्खाने असे मढवलेले आहेत की लाकूड शोधूनच काढावे लागते. तेथे सुमारे 400 किलो सोने वापरले गेले असे सांगितले जाते; आकडा काहीही असो, त्या सोन्याचा परिणाम तोलून पाहता येत नाही. मे 1733 मध्ये या चर्चमध्ये पवित्र भाकरीची, म्हणजे कॅथलिक श्रद्धेनुसार ज्या भाकरीत ख्रिस्त प्रत्यक्ष उपस्थित असतो तिची, समारंभपूर्वक प्रतिष्ठापना झाली, आणि त्या निमित्ताने निघालेल्या मिरवणुकीचे वर्णन करणारे 'त्रिउंफु एउकारीस्तिकु', म्हणजे 'ख्रिस्तप्रसादाचा विजय', हे पुस्तक सिमांव फेरेइरा माशादु याने लिहून 1734 मध्ये लिस्बन येथे प्रसिद्ध केले. घोडेस्वार, रूपकात्मक पात्रे, हिरे आणि रेशीम यांनी नटलेल्या त्या मिरवणुकीला वसाहतीच्या वैभवाचे शिखर मानण्याची प्रथा आहे. तथापि, त्या मिरवणुकीचा आरंभ कोठून झाला हे फार थोड्यांच्या लक्षात येते. पिलारचे बांधकाम चालू असताना पवित्र भाकर कृष्णवर्णीयांच्या रोझारियो चॅपेलात ठेवलेली होती; मिरवणूक तेथून निघाली, आणि तिचे वर्णन करणारे ते पुस्तकही रोझारियोच्या कृष्णवर्णीय बंधूंनी आपल्या मरियमातेच्या चरणी अर्पण केलेले होते. म्हणजे ज्या सान्निध्यामुळे पिलार ही नुसती सोन्याची खोली न राहता देवालय झाली, ते सान्निध्य गुलामांच्या घरातून तेथे आले.

या घटनेचा विचार करण्यापूर्वी सोन्याच्या बाजूचा मुद्दा निकालात काढावा लागेल. अन्यायाने मिळवलेले धन देवाला वाहता येते काय, या प्रश्नावर ख्रिस्ती परंपरा गप्प बसलेली नाही. मत्तयाच्या शुभवर्तमानात येशूला पकडून देण्याच्या मोबदल्यात मिळालेली चांदी यहूदा मंदिरात फेकून देतो, तेव्हा तेथील याजक ती रक्ताची किंमत म्हणून भांडारात घेण्यास नकार देतात. म्हणजे ज्यांना तो ग्रंथ दोषी धरतो त्यांनाही हा नियम ठाऊक होता. तेराव्या शतकात थॉमस अक्वायनस याने 'सुम्मा थिऑलॉजिए' या ग्रंथात याचे काटेकोर विवेचन केले. जे धन ज्याच्याकडून घेतले त्यालाच परत देणे बंधनकारक आहे, त्यातून दानधर्म करता येत नाही, असे तो म्हणतो, कारण ते देणाऱ्याच्या मालकीचेच नसते. परतफेड हा शब्द त्याने करुणेच्या प्रकरणात न घालता न्यायाच्या प्रकरणात घातला, आणि हा भेद महत्त्वाचा आहे: दान दिले नाही तर माणूस उदार नसल्याचे सिद्ध होते, परतफेड केली नाही तर तो अपहाराचा भागीदार राहतो. या कसोटीला लावले तर पिलारमधील सोन्याचा मोठा भाग देवाला वाहण्याआधी खाणीतल्या माणसांना देणे लागत होता.

ही आधुनिक काळाची कसोटी जुन्या काळावर लादणे होय, असा आक्षेप येथे हमखास घेतला जातो. तो टिकत नाही. 1450 च्या दशकात पाचव्या निकोलस पोपने पोर्तुगालच्या राजाला बिगरख्रिस्ती लोकांना कायमचे दास करण्याची अनुमती दिली होती हे खरे, आणि 'न्याय्य युद्धात पकडलेला बंदी' हा गुलामगिरीच्या समर्थनाचा ठराविक आधार होता हेही खरे. पण 1680 च्या दशकाच्या आरंभी फ्रान्सिस्को होसे दे हाका आणि एपिफानियो दे मुआरां या दोन कापुचिन साधूंनी हवाना येथे असे प्रतिपादन केले की आफ्रिकन गुलामांना मुक्त तर केलेच पाहिजे, शिवाय त्यांच्या आजवरच्या श्रमाची मजुरीही त्यांना देणे लागते. त्याबद्दल त्यांना अटक झाली. 1758 मध्ये, म्हणजे व्हिला रिकाचे सोने अजून वाहत असताना, बाहियात राहणारा धर्मगुरू आणि वकील मानोएल रिबेरु रोशा याने लिस्बनला प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात गुलामाला मालमत्ता न मानता केवळ ठरावीक मुदतीपर्यंत सेवेने आपली किंमत फेडणारा माणूस मानावे आणि नंतर मोकळे करावे, अशी मांडणी केली. ती अपुरी होती, तरीही ती त्याच काळातली आणि त्याच भाषेतली होती. उत्तर उपलब्ध होते. ते बहुतेकांना परवडणारे नव्हते.

सोन्याच्या समर्थनार्थ जे सर्वांत भारदस्त मत मांडले जाते ते बाराव्या शतकातील सां दनी मठाचा प्रमुख सुजेर याचे आहे. जड वस्तूंची प्रभा मनाला अजड सत्याकडे नेते, असे तो मानी, आणि म्हणून देवाच्या घरात रत्ने आणि सोने शोभते. त्याचाच समकालीन क्लेअरव्होचा बर्नार्ड याने उलट विचारले होते की चर्चच्या दगडांना सोन्याची वस्त्रे आणि चर्चच्या लेकरांना उघडे ठेवणे, याला काय म्हणावे. हा वाद सहसा ऐश्वर्य विरुद्ध साधेपणा अशा अभिरुचीच्या पातळीवर संपतो. त्याच्याही मागे जाऊन चौथ्या शतकातील मिलानचा बिशप अँब्रोस याच्याकडे पाहिले तर प्रश्नाला वेगळे वळण मिळते. 378 मध्ये अड्रियानोपल येथे रोमन सैन्याचा पराभव झाल्यानंतर हजारो लोक बंदिवान झाले, तेव्हा अँब्रोसने चर्चमधील पवित्र पात्रे वितळवून त्यांची सुटका करवली, आणि त्यावर विरोधकांनी टीका केली असता त्याने उत्तर दिले की चर्चजवळ सोने असते ते साठवण्यासाठी नव्हे, गरजवंतांसाठी खर्च करण्यासाठी, आणि बंदिवानांच्या मुक्तीहून अधिक मोलाचे पात्र दुसरे नाही. सोने अपवित्र आहे असे अँब्रोस म्हणत नाही, ते वेदीवर नसावे असेही म्हणत नाही. त्याने फक्त क्रम लावून दिला, आधी माणूस आणि मग वेदी. निर्गमाच्या ग्रंथातही हाच क्रम आहे. मिसर देशातून सुटताना इस्रायली लोक मालकांकडून सोने-चांदी घेऊन निघतात, ती त्यांच्या श्रमाची थकलेली मजुरी होती असा अर्थ परंपरेने लावला, आणि त्याच सोन्यातून पुढे वाळवंटातला पवित्र तंबू सजवला जातो. त्या तंबूचे सोने मुक्त झालेल्यांनी स्वखुशीने दिलेले होते. व्हिला रिकात मंडप तोच राहिला आणि देणारे बदलले.

येथवरचा विचार एवढ्यावर थांबला तर निष्कर्ष सोपा होईल: पिलार हे चोरीचे मंदिर, आणि सुजाण प्रवाशाने त्याकडे पाठ फिरवावी. परंतु असे केल्याने त्या शहरातील कृष्णवर्णीय भक्तांवर आणखी एक अन्याय होतो, आणि तो सहज लक्षात येत नाही. त्यांना केवळ बळी मानले की त्यांनी स्वतः जे घडवले, ज्यावर श्रद्धा ठेवली आणि ज्याच्यासाठी एकमेकांशी भांडले, ते सर्व पुसले जाते. रोझारियोच्या बंधुसंघांच्या नियमावल्या, वर्गणीच्या वह्या आणि अर्ज आजही अभिलेखागारांत आहेत. गुलामाला ज्या समाजात स्वतःच्या देहावरही हक्क नव्हता, तेथे या संघात तो मतदान करू शके, पदाधिकारी होऊ शके, मेल्यावर नावानिशी आणि विधीपूर्वक पुरला जाई. संघाच्या निधीतून काहींची स्वातंत्र्याची किंमत भरली जाई. दरवर्षी संघातर्फे एक राजा आणि एक राणी निवडली जात, आणि ढोलांच्या तालावर त्यांचा राज्याभिषेक होई. संत इफिजेनिया ही परंपरेनुसार इथिओपियाची राजकन्या, आणि सिसिलीत गुलाम आईबापांच्या पोटी जन्मलेला संत बेनेडिक्ट, अशा कृष्णवर्णीय संतांना त्यांच्या वेद्यांवर मानाचे स्थान होते. या मंडळींनी अँब्रोस वाचला नव्हता. वर्गणीच्या वहीत त्यांनी त्याचाच क्रम पाळला.

या संघांकडे दोन दृष्टींनी पाहिले गेले आहे, आणि दोन्हींत तथ्य आहे. एक दृष्टी अशी की धर्माने गुलामाला सोशिकपणा शिकवला. जेझुइट वक्ता आंतोनियु व्हिएरा याने 1633 मध्ये बाहियातील एका ऊसमळ्यावर रोझारियोच्या कृष्णवर्णीय बंधूंपुढे दिलेले प्रवचन याचे प्रसिद्ध उदाहरण होय: त्यात त्याने मळ्यावरच्या यातनांची तुलना ख्रिस्ताच्या दुःखभोगाशी केली, गुलामाला ख्रिस्ताच्या अधिक जवळ मानले, पण साखळी तोडण्याचा प्रश्न उपस्थित केला नाही. दुसरी दृष्टी अशी की याच चौकटीत गुलामांनी स्वतःची संस्था, स्वतःचा राजा आणि स्वतःचे न्यायासाठीचे अर्ज निर्माण केले. येथे दुसऱ्या दृष्टीला अधिक वजन द्यावेसे वाटते, कारण प्रवचनात काय सांगितले गेले यापेक्षा ऐकणाऱ्यांनी त्याचे काय केले याचा पुरावा जास्त बोलका आहे. अर्थात, संघांची उजळ प्रतिमा रंगवणेही योग्य नव्हे. या संघांत हिशेबनीस अनेकदा गोरा असे, आफ्रिकेतल्या मूळ प्रदेशांवरून त्यांच्यात तट पडत, आणि मुक्त झालेले काही बंधू स्वतः गुलाम बाळगीत. जुलूम सोसलेला माणूस जुलमाच्या व्यवस्थेबाहेर उभा असतोच असे नाही.

शहराच्या वरच्या टेकडीवर, आल्तो दा क्रूझ येथे, संत इफिजेनियाचे चर्च आहे. त्याच्याशी शिकु रेइ, म्हणजे 'राजा शिकु', याची आख्यायिका जोडलेली आहे. आफ्रिकेतला हा राजा आपल्या लोकांसह पकडून आणला गेला, त्याने श्रमाने आधी मुलाचे व स्वतःचे आणि मग आपल्या माणसांचे स्वातंत्र्य विकत घेतले, पुढे एक खाण मिळवली, आणि मग हे चर्च उभारले. खाणीत काम करणाऱ्या स्त्रिया केसांत सोन्याची भुकटी लपवून आणीत आणि चर्चमधल्या दगडी कुंडात डोकी धुऊन ती वेदीसाठी देत, असे सांगतात. या कथेला समकालीन कागदपत्रांचा आधार नाही; ती छापील रूपात प्रथम विसाव्या शतकाच्या आरंभी इतिहासकार दियोगु दे व्हास्कोन्सेलुस याच्या ग्रंथात, तीही एका तळटीपेत, येते. इतिहास म्हणून ती संशयास्पद आहे. तरीही तिचा आशय विचारात घेण्याजोगा आहे, कारण ज्या समाजाने ही कथा जपली त्याने सोन्याच्या प्रश्नाचे आपले उत्तर तिच्यात ठेवले: सोन्याने आधी माणसे सोडवावीत, आणि सुटलेल्या माणसांनी दिलेले सोने वेदीवर चढावे. अक्वायनसच्या विवेचनातही याहून अधिक शुद्ध दान सापडणार नाही.

खाजगी सहलीत सहसा ज्याचे नाव सर्वांत अधिक घेतले जाते तो शिल्पकार आंतोनियु फ्रान्सिस्कु लिस्बोआ, म्हणजे आलेइजादिन्यो, या प्रश्नाला आणखी गुंतवतो. पोर्तुगीज वास्तुकार बाप आणि गुलाम आई यांच्या पोटी जन्मलेला हा माणूस मिश्रवर्णीयांच्या संत जोसेफच्या बंधुसंघाचा सदस्य होता. 1766 मध्ये काम सुरू झालेले ओरो प्रेतोचे असिसीच्या संत फ्रान्सिसचे चर्च, ज्याच्या दर्शनी भागावर आणि प्रवचनपीठांवर त्याने मऊ शंखजिरे दगडात कोरीव काम केले, हे त्याची श्रेष्ठ कृती मानले जाते, आणि ते ज्या तृतीय संघाचे होते त्यात वर्णाच्या अटीमुळे त्याला स्वतःला प्रवेश नव्हता. त्याच चर्चच्या छतावर मानोएल दा कोस्ता आताईद याने 1801 ते 1812 या काळात मरियमाता आणि तिच्याभोवतीचे वाद्यवादक देवदूत रंगवले, आणि त्या मातेचा चेहरा व वर्ण मिश्रवर्णीय स्त्रीचा आहे. ज्या स्त्रीला त्या सभागृहात सदस्याच्या आसनावर बसता आले नसते, ती त्याच्या आकाशात बसलेली आहे. पुढच्या काळात व्याधीने आलेइजादिन्योची बोटे झडली, तरी हाताला छिन्नी बांधून त्याने काम चालू ठेवले, असे त्याचा पहिला चरित्रकार रोद्रिगु ब्रेतास 1858 मध्ये लिहितो. मात्र ती छिन्नी बांधणारा माउरिसियु हा आलेइजादिन्योच्या मालकीचा गुलाम होता, हेही तोच लिहितो. या एका वाक्यावर त्या काळाचा सगळा नैतिक पेच तोलला जातो. गोव्यातही चर्चसाठी ख्रिस्ती मूर्ती घडवण्याचे काम हिंदू कारागिरांना देऊ नये असे निर्बंध 1567 च्या धर्मपरिषदेपासून पुन्हा पुन्हा घालावे लागले, याचा अर्थ ते काम त्यांच्याच हातून होत राहिले होते. मूर्ती ज्याच्या हातून घडते त्याला तिच्यापुढे बसण्याचा अधिकार नसणे, हे साम्राज्याच्या दोन्ही टोकांना सामायिक होते.

या चर्चकडे 'कला' म्हणून पाहण्याची सवय तुलनेने अलीकडची आहे. 1924 च्या पवित्र सप्ताहात मारिओ दे आंद्रादे, ओस्वाल्द दे आंद्रादे, तार्सिला दु आमाराल इत्यादी साओ पाउलोचे लेखक-चित्रकार स्विस कवी ब्लेझ सांद्रार याच्यासह मिनासच्या शहरांतून हिंडले, आणि ज्याला तोवर मागासलेपणाची खूण समजले जात होते त्यात त्यांना ब्राझीलचे स्वतःचे रूप सापडले. 1933 मध्ये ओरो प्रेतो राष्ट्रीय स्मारक ठरले, 1937 मध्ये वारशाच्या जतनासाठी सरकारी संस्था निघाली, 1980 मध्ये युनेस्कोने शहराला जागतिक वारशाच्या यादीत घेतले. आजचा प्रवासी त्या मंडळींच्याच नजरेने पाहतो. भारतीय काव्यशास्त्रात अभिनवगुप्ताने ज्याला साधारणीकरण म्हटले, म्हणजे व्यक्तिगत संबंध गळून पडून भाव सर्वांचा होणे, ते कलेच्या आस्वादासाठी आवश्यकच आहे. दुष्यंताचे दुःख कोणा विशिष्ट माणसाचे राहत नाही म्हणूनच ते रसरूप होते. पण दुष्यंताचे कोणाकडून काही येणे नव्हते. पिलारच्या वर्खाबाबत तोच व्यापार घडला तर ज्यांचे येणे आहे त्यांची नावेच साधारण होऊन जातात. आस्वाद येथे खोटा नसतो, तो अकाली असतो.

म्हणूनच सहलीचा क्रम ही किरकोळ बाब राहत नाही. बसभर प्रवाशांसोबत येणाऱ्याला ठरलेल्या वाटेने जावे लागते. स्वतःपुरता मार्गदर्शक घेणाऱ्याला वाट निवडता येते, आणि निवड आली की उत्तरदायित्वही येते. चढणीवरचे संत इफिजेनियाचे चर्च एका दिवसाच्या घाईत सहज गळते, तिरादेंतेस चौकाजवळचे फ्रान्सिसचे चर्च गळत नाही. इतिहासाचा जो क्रम 1733 मध्ये प्रत्यक्ष चालला गेला, रोझारियोपासून पिलारपर्यंत, तो पायी चालणे आजही शक्य आहे. रोझारियोची आज दिसणारी वक्राकार दगडी वास्तू त्या मिरवणुकीनंतरची आहे आणि आतून पिलारच्या तुलनेत फार साधी आहे. ती आधी पाहून मग पिलारमध्ये शिरणाऱ्याला सोने कमी दिसणार नाही, ते कोणाच्या दारावरून आले एवढे मात्र त्याला माहीत असेल. चांगला मार्गदर्शक, आणि तसे मार्गदर्शक तेथे आहेत, हे तारखा न सांगताही समजावून देऊ शकतो. मारियानातही असेच आहे. तेथील मुख्य चौकात फ्रान्सिस आणि कार्मेल या दोन तृतीय संघांची देखणी चर्चे जवळजवळ उभी आहेत, समोर नगरसभा व तुरुंग यांची एकत्र इमारत आहे, आणि मध्ये दगडी स्तंभ आहे, जो नगराच्या अधिकाराचे चिन्ह होता आणि जेथे फटक्यांची शिक्षा दिली जाई. आजचा स्तंभ विसाव्या शतकात पुन्हा उभारलेला आहे. तो बहुतेकांच्या छायाचित्रांत चर्चच्या पुढे शोभेच्या वस्तूसारखा येतो. वसाहतीच्या धर्मकारणाचा इतका स्पष्ट नकाशा दुसरीकडे क्वचितच सापडेल, आणि त्याच्यापुढे थांबण्यासाठी तिकीटही लागत नाही.

या सगळ्याला भूतकाळ मानून मोकळे होता येत नाही, कारण मिनासमध्ये खाण आणि देवालय यांचा संबंध संपलेला नाही. 5 नोव्हेंबर 2015 रोजी मारियानाच्या हद्दीत लोहखनिजाच्या गाळाचे फुंदांव हे धरण फुटले, बेंतु रोद्रिगेस हे गाव गाळाखाली गेले, 19 माणसे मेली आणि तांबडा चिखल दोसे नदीतून अटलांटिक महासागरापर्यंत वाहत गेला. गावातील संत बेनेडिक्टचे, म्हणजे पाश्चात्त्य संन्यासी परंपरेच्या संस्थापकाचे, जुने चॅपेलही त्यात नष्ट झाले. पुढे विस्थापित गावकरी आपल्या संतांच्या सणाला त्या उद्ध्वस्त जागी परत येऊन मिस्सा करू लागले. येथे अक्वायनसची परतफेडीची कसोटी अठराव्या शतकाच्या पिवळ्या पडलेल्या वह्यांसाठी राहत नाही. येणे असलेली माणसे हयात आहेत, त्यांची नावे नोंदलेली आहेत आणि भरपाईचे खटले वर्षानुवर्षे चालले आहेत. अशा ठिकाणी सहलीचे वाहन नेऊन उभे करणे उचित होणार नाही, गावकऱ्यांनी बोलावले असेल तर गोष्ट वेगळी. पण मारियानाच्या चौकातून परतताना त्या गावाचे नाव मार्गदर्शकाने घ्यावे, आणि त्याने घेतले नाही तर प्रवाशाने त्याला विचारावे, एवढी अपेक्षा पिलारचे सोने पाहून आलेल्या माणसाकडून नक्कीच करता येते.